दहा राग आणि लेहरा धरणारे यंत्र : चरणजित सिंग यांची १९८२ची ध्वनिमुद्रिका

कुळागर

मी फोंडा तालुक्यात राहतो आणि गेली तीस वर्षे हार्मोनियमवर साथ करतो. साथ म्हणजे बहुतेक वेळा भजनाची, आणि अधूनमधून एकल तबलावादनाला लेहरा धरण्याची. लेहरा धरणाऱ्याचे दुःख लेहरा धरणाऱ्यालाच कळते. सोळा मात्रांची एकच चाल पाऊण पाऊण तास, न सजवता, न चुकता आणि लय तसूभरही न हलवता वाजवत राहायची, आणि शेवटी टाळ्या घ्यायच्या तबलजीने. हे गाऱ्हाणे नाही. परंतु ज्या ध्वनिमुद्रिकेविषयी हा धागा काढतो आहे तिच्याकडे मी कोणत्या खुर्चीवरून पाहतो, हे आधीच सांगितलेले बरे.

ध्वनिमुद्रिका चरणजित सिंग यांची असून 'सिंथेसायझिंग : टेन रागाज टू अ डिस्को बीट' हे तिचे नाव आहे. ती १९८२ साली मुंबईत मुद्रित झाली आणि एचएमव्हीने बाजारात आणली. चरणजित सिंग हे हिंदी चित्रपटसंगीताच्या वाद्यवृंदांतले जुनेजाणते वादक. शंकर-जयकिशन, लक्ष्मीकांत-प्यारेलाल, राहुलदेव बर्मन अशा संगीतकारांकडे त्यांनी बास गिटार आणि कळफलकाची वाद्ये वाजवली. या ध्वनिमुद्रिकेत मात्र दुसरा वादक नाही. एक माणूस आणि जपानच्या रोलँड कंपनीची तीन यंत्रे, एवढाच फड आहे : तालासाठी टीआर-८०८, बाससाठी टीबी-३०३ आणि रागाची चाल वाजवण्यासाठी ज्युपिटर-८ हा सिंथेसायझर. त्या काळात हिंदी चित्रपटांत डिस्कोची लाट होती. 'डिस्को डान्सर' त्याच वर्षीचा. चोहीकडे डिस्को चाललेच आहे तर त्या ठेक्यावर राग वाजवून पाहावेत आणि तबल्याला सुट्टी द्यावी, असा साधा विचार त्यामागे होता, असे त्यांनी पुढे मुलाखतीत सांगितले.

ललत, भूप, तोडी, मधुवंती, मेघमल्हार, यमन, कलावती, मालकंस, बैरागी असे राग त्यात आहेत आणि प्रत्येकाला साधारण पाच मिनिटे मिळतात. परदेशात या ध्वनिमुद्रिकेचे जे कौतुक झाले ते 'ॲसिड हाउस' या नृत्यसंगीताच्या संदर्भात झाले. त्या प्रकाराची पहिली तबकडी म्हणून शिकागोच्या 'फ्युचर' या गटाच्या १९८७ सालच्या 'ॲसिड ट्रॅक्स'चे नाव घेतले जाते. त्यातला घसरत, चिरकत जाणारा बास ज्या टीबी-३०३ मधून निघतो, ते यंत्र आपल्या मुंबईत पाच वर्षे आधी रागांच्या खाली वाजत होते, याचे तिकडच्या लोकांना नवल वाटले. नवल रास्तच आहे, पण त्या चर्चेत रागांना भिंतीवरच्या चित्राइतकीच किंमत उरते.

माझे म्हणणे वेगळे आहे. तीस वर्षे लेहरा वाजवलेल्या माणसाने ही तबकडी ऐकली की त्याला टीबी-३०३ मध्ये पहिल्या फटक्यात ऐकू येतो तो लेहरा. सोळा खणांची, म्हणजे यंत्रात भरलेल्या सोळा समान जागांची, एक छोटी चाल आहे, ती रागाच्या स्वरांतच बांधलेली आहे आणि ती अखंड फिरते. लेहऱ्याचे काम हेच असते. फरक एवढाच की एकल तबलावादनात लेहरा स्थिर असतो आणि तबला हिंडतो, तर इथे लेहरा आणि ठेका दोन्ही यंत्राकडे सोपवले आहेत आणि हिंडायला मोकळे राहिले आहेत ते रागाचे स्वर. म्हणजे चरणजित सिंग यांनी दोन यंत्रांना साथीला बसवले आणि ते स्वतः मुख्य वादकाच्या जागी बसले. ज्या माणसाचे आयुष्य दुसऱ्यांच्या गाण्यांत साथ करण्यात गेले, त्याने एकदा तरी अशी मैफल मांडली, ही गोष्ट मला पाच वर्षे आधी की नंतर या हिशेबापेक्षा मोठी वाटते.

आता गुणदोष. दहापैकी भूप, कलावती, मालकंस आणि बैरागी हे चार तर निखळ औडव राग आहेत, आणि माझ्या कानाला तेच सर्वांत चांगले वठले आहेत. पाचच स्वर असल्यामुळे प्रत्येक स्वराच्या आजूबाजूला मोकळी जागा राहते, तिथे यंत्राचा ठेका गर्दी करत नाही आणि द्रुत ताना स्वच्छ निघतात. कलावती तर असा धावतो की त्याला डिस्कोसाठीच बांधला होता की काय, असे वाटावे. ललताचे तसे होत नाही. दोन मध्यम एकमेकांना चिकटून लागणे हा ललताचा प्राण आहे, आणि ते दोन्ही मध्यम कळीवर तुटक वाजले की पहाट होत नाही, नुसता दिवा लागतो. तोडीच्या बाबतीत मात्र मला आश्चर्याचा धक्का बसला. इलेक्ट्रॉनिक तानपुरा काळी एकला (पेटीच्या पहिल्या काळ्या कळीच्या सुराला) लावून मी तबकडी ऐकत होतो आणि मला तोडीचा गंधार (ग) नेहमीच्या कळीपेक्षा किंचित उतरलेला, म्हणजे गवयाला हवा तसा, ऐकू आला. त्यांनी यंत्र मुद्दाम तसे लावून घेतले असावे, अशी माझी समजूत झाली आहे. जाणकारांनी यावर लिहावे.

शुद्धकल्याण

कुळागर बाब, आपण मनापासून लिहिले आहे, म्हणून मीही मनात आहे तेच लिहितो. राग म्हणजे स्वरांची यादी नाही, हे आपल्यासारख्या साथीदाराला मी सांगण्याची गरज नाही. सा ग॒ म ध॒ नि॒ हे पाच स्वर कोणत्याही क्रमाने वेगाने वाजवले की मालकंस झाला, असे म्हणता येत नाही. मालकंसात मध्यमावर थांबावे लागते, आणि ते थांबणे डिस्कोला परवडत नाही, कारण त्याचा पायढोल, म्हणजे ठेक्याचा जाड ठोका, दर अर्ध्या सेकंदाला येऊन खांद्यावर थाप मारतो. आलाप नाही, न्यास (स्वरावरचा ठेहराव) नाही, मींड (एका सुरातून दुसऱ्यात घसरत जाणे) म्हणाल तर दोन कळांच्या मधल्या जागेतून वाट काढणारी. मी ही ध्वनिमुद्रिका दोनदा ऐकली. दोन्ही वेळा मला रागाचे नाव लावलेल्या चाली ऐकू आल्या, आणि त्या चालींविषयी माझी तक्रार नाही. तक्रार आहे ती नावाविषयी. 'दहा रागांवर आधारित नृत्यसंगीत' असे म्हटले असते तर मी हा प्रतिसाद लिहिलाच नसता.

तोडीचा गंधार उतरलेला ऐकू आला, हे मला पटत नाही. कारखान्यातून समान अंतराच्या बारा सुरांत बांधून आलेले यंत्र एकाच रागासाठी एकच स्वर कसा उतरवील?

कुळागर

गंधाराचे पुन्हा तपासून पाहतो. परंतु वेळेचा आणि नावाचा मुद्दा मला मान्य नाही. रागाला यंत्रापुढे अंग चोरून बसावे लागण्याची ही पहिली वेळ नव्हती. १९०२ साली कलकत्त्यात गौहरजान यांचे गाणे मुद्रित झाले तेव्हापासून पुढे कित्येक दशके राग तीन-साडेतीन मिनिटांच्या तबकडीतच मावत होता. आपल्या फोंड्याजवळच्या केरी गावच्या केसरबाई केरकरांची 'जात कहां हो' ही भैरवी १९७७ साली व्हॉयेजर यानांवरच्या सुवर्णतबकडीतून अंतराळात गेली, ती जेमतेम साडेतीन मिनिटांची आहे. ज्या केसरबाई मैफलीत एक राग तासभर मांडत, त्यांनी साडेतीन मिनिटांत भैरवी अशी मांडली की तिला अपुरी म्हणण्याची कोणाची छाती होणार नाही. अर्थात केसरबाईंची बरोबरी मी इथे कोणाशी करत नाही. मुद्दा एवढाच आहे की पाच मिनिटे कमी पडली म्हणून राग नाकारता येत नाही.

कळांचे म्हणाल तर हा आरोप आमच्या पेटीने आपल्या आधी पचवला आहे. १९४० पासून तीस वर्षे आकाशवाणीने हार्मोनियमला दारात उभे केले नव्हते, आणि कारण हेच होते : मींड नाही, श्रुती नाही. त्यानंतरही पेटी टिकली, आणि बोरीच्या पं. तुळशीदास बोरकरांसारख्यांनी तिला एकल वाद्याचा मान मिळवून दिला. ज्या न्यायाने पेटीवरचा मालकंस आपण ऐकतो त्याच न्यायाने ज्युपिटरवरचा का ऐकू नये?

सोळामात्रा

मी म्हापशाला तबला शिकवतो. लेहऱ्याची कल्पना वाचून राहवेना, म्हणून काल रात्री मालकंस लावून तबल्यावर बसलो. जे अनुभवले ते लिहितो.

८०८ वर सोळा कळा आहेत आणि एका पट्टीत (बारमध्ये) सोळा खण भरले जातात, हे वाचून आपल्याला तीनताल आठवणे साहजिक आहे. पण एकेक खण म्हणजे एकेक मात्रा धरली तर काय होते ते पाहा. ठेका मिनिटाला १२० ठोक्यांचा धरला तर चार ठोक्यांची पट्टी दोन सेकंदांत संपते, म्हणजे सोळा मात्रांचे आवर्तन दोन सेकंदांत. इतक्या अतिद्रुत लयीत हात निव्वळ धा-धा करत राहतात. कायदा, रेला असे तबल्याचे विस्तार काही मांडता येत नाहीत. उलट एकेक ठोका म्हणजे एकेक मात्रा धरली तर आवर्तन आठ सेकंदांचे होते आणि ती लय तबल्याला सोयीची आहे. त्या हिशेबाने मी सुरुवातीचा संथ पेशकार सोडून सरळ कायदा सुरू केला. दहा मिनिटे वाजवल्यावर लक्षात आले की मी समेवर, म्हणजे आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर, येतो आहे, पण सम माझ्याकडे येत नाही.

हे थोडे उलगडून सांगतो. कुळागर बाब लेहरा धरतात तेव्हा सोळा मात्रांची एक पूर्ण ओळ असते. ती खालीकडे उतरते, तेराव्या मात्रेपासून वर उचलली जाते, आणि समेवर पडताना ऐकणाऱ्यालाही कळते की आपण घरी आलो. यंत्राची चाल दोन सेकंदांची आहे. ती माझ्या एका आवर्तनात चार वेळा फिरते आणि चारही वेळा अगदी सारखीच असते. त्यामुळे चार दारे आहेत, चारही एकाच रंगाची, आणि आपले घर कोणते ते आपणच मोजून ठेवायचे. याला मी लेहरा म्हणणार नाही. फार तर टाळ म्हणेन. भजनात टाळ लय देतो, आवर्तन देत नाही.

तरीही वाजवायला मजा आली, हे कबूल करतो. लय जराही हलली नाही. माझे काही विद्यार्थी लेहऱ्याचे ॲप लावून रियाज करतात तेव्हा मी नाक मुरडतो. आता थोडे कमी मुरडीन.

जुनीतबकडी

थोडा इतिहास जोडतो, कारण या ध्वनिमुद्रिकेभोवती दंतकथाही बऱ्याच झाल्या आहेत. १९८२ नंतर ती फारशी खपली नाही आणि विस्मरणात गेली. एडो बाउमन या डच संग्राहकाला २००२ साली दिल्लीत तिची एक प्रत सापडली. त्यांनी चरणजित सिंग यांचा मुंबईत शोध घेतला, आणि २०१० साली आपल्या 'बॉम्बे कनेक्शन' या संस्थेतर्फे ती पुन्हा काढली. तेव्हा युरोपातल्या काही श्रोत्यांना ती थट्टा वाटली : कोणीतरी आजच्या संगीतकाराने जुन्याचा आव आणून खोटी तबकडी बनवली असावी, असा संशय जाहीरपणे घेतला गेला. मुंबईतला एक वादक १९८२ साली असे काही करू शकतो, यापेक्षा तो बनाव आहे हे मानणे त्यांना सोपे गेले. पुढे चरणजित सिंग स्वतः युरोपात जाऊन या चाली रंगमंचावर वाजवून आले, तेव्हा तो विषय मिटला. जुलै २०१५ मध्ये मुंबईत त्यांचे निधन झाले.

दुसरी दंतकथा म्हणजे भारतातले पहिले इलेक्ट्रॉनिक संगीत ते हेच, ही. अहमदाबादच्या राष्ट्रीय डिझाइन संस्थेत १९६९ साली अमेरिकी संगीतकार डेव्हिड ट्युडर यांनी मूग सिंथेसायझरचा स्टुडिओ उभारून दिला होता आणि तिथे भारतीय संगीतकारांनी प्रयोग केले होते. त्या फिती कित्येक वर्षे तशाच पडून होत्या. त्यांतल्या निवडक २०२३ साली प्रसिद्ध झाल्या आहेत. मात्र तो प्रयोगशाळेतला उद्योग होता. चरणजित सिंग यांनी जे केले ते विकायला केले, दुकानात ठेवायला केले, लग्नाच्या हॉलमध्ये वाजावे म्हणूनही केले असेल. प्रयोग आणि पोटापाण्याचा धंदा यांची अशी सरमिसळ मला अधिक आवडते.

हणजुणकर

हणजुण, वागातोर भागात मी ध्वनियंत्रणेची कामे करतो. या तिन्ही यंत्रांपैकी ३०३ आणि ८०८ माझ्या हाताखालून गेली आहेत, ज्युपिटर एकदाच पाहिला आहे. म्हणून यंत्रांपुरते बोलतो.

टीबी-३०३ हे एकट्याने सराव करणाऱ्या गिटारवादकाला बासची साथ मिळावी म्हणून बनवलेले यंत्र होते. म्हणजे कुळागर बाबांनी त्याला साथीदार म्हटले ते त्याच्या जन्मपत्रिकेतच लिहिलेले आहे. त्या कामात ते साफ पडले. बासचा आवाज बासगिटारसारखा येत नाही, आणि त्यात चाल भरणे हा एक छळ आहे : आधी सगळे सूर एकामागून एक भरायचे, मग पहिल्यापासून सुरू करून कोणता सूर किती वेळ हे वेगळे भरायचे. एक चुकले की पुन्हा श्रीगणेशा. १९८४ साली कंपनीने ते बंद केले आणि ते जुन्या बाजारात कवडीमोलाने जाऊ लागले, म्हणूनच शिकागोच्या खिसा रिकामा असलेल्या पोरांच्या हाती लागले. त्यांनी चाल तशीच फिरत ठेवून फिल्टरची बटणे फिरवली आणि त्या पिळण्यातून ॲसिडचा आवाज आला. चरणजित सिंग बटणे पिळतात ती बेताने. त्यांचे हात ज्युपिटरच्या कळांवर गुंतलेले आहेत. त्यामुळे तोच आवाज असूनही दोन संगीतांचा स्वभाव वेगळा आहे : शिकागोत ३०३ नाचते, इथे ते बसून साथ करते. या बाबतीत मी धागाकर्त्याच्या बाजूने आहे.

अजून एक. ३०३ मध्ये स्लाइड म्हणून एक सोय आहे. ती ज्या खणावर लावू तिथून पुढच्या सुरापर्यंत आवाज घसरत जातो. शुद्धकल्याण साहेबांना मींड हवी आहे, तर ती वरच्या चालीत न शोधता खाली बासमध्ये शोधावी. ती मींड नाही, हे मलाही कळते. पण सूर तुटत नाही, एवढे तरी तिथे घडते.

हणजुणचे नाव आले की लोक या तबकडीचा संबंध गोवा ट्रान्सशी जोडतात, म्हणून तेही सांगून टाकतो. संबंध नाही. आमच्या किनाऱ्यावरच्या पार्ट्यांत वाजणारे संगीत कॅसेटवर आणि पुढे डॅटवर (डिजिटल फितीवर) भरून बाहेरून येत असे, कारण इथल्या उन्हात तबकड्या वाकत. नव्वदच्या दशकात त्यातून गोवा ट्रान्स घडले आणि त्यात ३०३ चा सढळ वापर झाला, हे खरे. पण मुंबईत न खपलेली एक एचएमव्हीची तबकडी किनाऱ्यावर कोणी वाजवत होता, असे मानायला आधार नाही. सोळामात्रांच्या समेच्या तक्रारीला मात्र ट्रान्समध्ये उत्तर आहे. तिथेही पट्टी दोन सेकंदांच्या आतलीच असते, पण सोळा किंवा बत्तीस पट्ट्यांनी काहीतरी बदलते, ढोल थांबतो, आणि नाचणारे त्या जागेची वाट पाहत हात वर धरून उभे राहतात. आवर्तन असते, फक्त ते लांब असते. चरणजित सिंग ते लांब आवर्तन बांधत नाहीत.

आणि तोडीचा गंधार. ज्युपिटर-८ ला एक बटण आहे, ते दाबले की यंत्र स्वतःचे सूर जुळवून घेते, आणि ते समान अंतराच्याच सुरांत. एकच स्वर वेगळा उतरवण्याची त्यात व्यवस्था नाही. कुळागर बाब, आपण २०१० ची तबकडी ऐकत आहात ना? मग तबकडी वाजवण्याचे आपले यंत्र पट्ट्यावर फिरणारे असेल तर पट्टा पाहा. तबकडीवर कागदाचा तुकडा चिकटवा आणि तीन मिनिटांत किती फेरे होतात ते मोजा. मिनिटाला तेहेतीस पूर्णांक एक तृतीयांश फेरे, म्हणजे तीन मिनिटांत बरोबर शंभर व्हायला हवेत.

मडगावकरीण

माझे आजोबा मुंबईत चित्रपटांच्या वाद्यवृंदात व्हायोलिन वाजवत असत, त्यामुळे हा धागा घरात मोठ्याने वाचून दाखवला गेला. त्यांच्या पिढीचे बरेचसे गोंयकार वादक चर्चच्या शाळेत सॉल्फा (पाश्चात्त्य स्वरवाचन) आणि व्हायोलिन शिकले आणि धोबीतलावच्या कुडांत (गोंयकारांच्या वसतिगृहांत) राहून स्टुडिओत कामाला जात. कागदावर लिहिलेले पाहताक्षणी वाजवणे हे त्यांचे कसब होते, आणि राग कानाने वाजवणारे सतार-सरोदवाले शेजारच्या खुर्चीवर असत. दिवसभर राग आणि स्वरलिपी शेजारी शेजारी बसलेली असल्यावर त्यांनी एकमेकांच्या घरात डोकावणे ओघानेच आले.

मला या चर्चेत एक नाव राहून गेले असे वाटते. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, ज्यांच्याकडे प्यारेलाल व्हायोलिन शिकले, त्यांनी १९५८ साली मुंबईत भारतीय रागांवर रचलेल्या चाली पाश्चात्त्य वाद्यवृंदाकडून वाजवून घेतल्या, आणि त्या कार्यक्रमात लता मंगेशकर आणि मन्ना डे गायले. तो शंभरेक वादकांचा खटाटोप होता, चोवीस वर्षांनंतरचा हा एकट्याचा. दोन्हींत अडचण एकच होती : रागाखाली काय ठेवायचे? हार्मनी, म्हणजे एका वेळी वाजणाऱ्या सुरांचे गठ्ठे (कॉर्ड), ठेवली तर राग तिच्या तालावर चालू लागतो, आणि काहीच न ठेवले तर वाद्यवृंदाने तिथे करायचे काय. चरणजित सिंग यांनी कॉर्डचा मोह बराचसा आवरला आणि खाली रागाच्याच स्वरांची एक फिरती ओळ ठेवली. मला वाटते, स्टुडिओत वर्षानुवर्षे इतरांच्या हार्मनीत बास वाजवलेल्या माणसालाच तिचा असा कंटाळा येऊ शकतो.

आजोबांचे मत निराळे आहे. ते म्हणाले, ज्या ८०८ यंत्राने हा ठेका वाजवला त्यानेच पुढे आमच्या खुर्च्या उचलल्या. त्यांनी ध्वनिमुद्रिका ऐकायला नकार दिला. तोही एक प्रतिसाद म्हणून नोंदवते.

शुद्धकल्याण

मडगावकरीण ताई, आजोबांना माझा नमस्कार सांगावा. कॉर्ड नसण्याचा मुद्दा मला पटला. मी काल मेघमल्हार त्या कानाने पुन्हा ऐकला. नावाविषयीची तक्रार कायम आहे, पण 'रागाच्या नावाने चाली' यापेक्षा ते थोडे अधिक आहे, एवढी दुरुस्ती करतो.

कुळागर

उशीर झाला, क्षमस्व. मधले आठ दिवस वास्कोच्या सप्ताहात होतो. तिथे चोवीस तास अखंड भजन चालते आणि पेटीवाले आळीपाळीने बसतात.

आधी कबुली. हणजुणकरांनी सांगितल्याप्रमाणे तबकडीच्या कडेला तिकिटाएवढा कागद चिकटवला, मुलाने घड्याळ धरले आणि मी फेरे मोजले. तीन मिनिटांत नव्व्याण्णव. पुन्हा मोजले, पुन्हा नव्व्याण्णव. पट्टा पावसाळ्यात सैल झाला आहे. शंभरात एक फेरा कमी म्हणजे सगळेच सूर सुमारे सतरा सेंटनी (दोन शेजारच्या कळांत शंभर सेंट असतात) खाली, आणि माझा तानपुरा मात्र आपल्या जागी ठाम. म्हणजे नुसता गंधारच नाही, षड्जही उतरलेला होता; तो मी ऐकलाच नाही, कारण मला गंधार उतरलेला हवा होता. तीस वर्षे पेटी वाजवून हे व्हावे, याची लाज वाटते. तोडीविषयीचे वाक्य मागे घेतो. शुद्धकल्याण साहेब, आपण पहिल्याच प्रतिसादात बरोबर होतात.

आता दुसरी गोष्ट. सोळामात्रा परवा रविवारी माझ्याकडे आले होते. आम्ही यंत्र बंद ठेवले. मालकंसाची ती बासची चाल मी पेटीवर बसवली होती, स्वर तेच आणि क्रम तोच, आणि ती त्याच लयीत फिरवत राहिलो. तबला काळी एकचा. त्यांनी ठोक्याला एक मात्रा धरून तोच कायदा वाजवला. सातआठ मिनिटांनी ते थांबले आणि म्हणाले, "आता सम सापडते, तुम्ही काय बदललेत?" मी काहीही बदलले नव्हते. पुन्हा सुरू केले, आणि या वेळी मी स्वतःच्या हाताकडे लक्ष ठेवले. तेव्हा दिसले की दर चौथ्या फेऱ्याच्या तोंडाशी माझा भाता किंचित जोराने दाबला जातो, आणि त्याआधीच्या फेऱ्यात शेवटचा निषाद मी एवढासा लवकर सोडतो. हे कोणी शिकवलेले आठवत नाही. मग ठरवून सपाट वाजवायचा प्रयत्न केला. तीन-चार फेरे जमले, पाचव्याला हात पुन्हा समेवर जड झाला, आणि तबल्यापलीकडून सोळामात्रा हसले.